नोंद कोणासाठी?

वाई,
कार्तिक शुद्ध दशमी

चि. वसुधा हिस, मामाचे अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझे पत्र पावले. प्रथम सत्राची परीक्षा आटोपल्यावर चौथीच्या वर्गाच्या वर्णनात्मक नोंदी पुऱ्या करण्याचा तगादा वरून लागलेला असताना, ‘तयार नोंदींची पुस्तिका मिळते, तिच्यातून उतरवून मोकळी हो’ असा सल्ला तुला सहकाऱ्यांनी दिला आणि त्यावर ‘हे मूल्यमापन आहे की कारकुनी?’ असा सवाल तू मला केलास. तुझी ही अस्वस्थता मला शुभलक्षणी वाटते. नोकरीत रुजू झाल्यावर पहिल्या दोन-चार वर्षांत ज्याला हा प्रश्न पडत नाही, त्याला तो पुढे सहसा पडत नाही. कारण दप्तराची सवय मनुष्याला फार लवकर जडते. म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

ज्या नोंदींचा तुला जाच वाटतो, त्या मुळात शिक्षकाला जाच व्हावा म्हणून निर्माण झालेल्या नाहीत. बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम २००९ साली संमत होऊन १ एप्रिल २०१० पासून अमलात आला. त्याच्या २९व्या कलमाने, मुलाला ज्ञानाचे आकलन कितपत झाले आणि ते ज्ञान वापरण्याची पात्रता त्याच्या ठायी कितपत आली, याचे सातत्यपूर्ण व सर्वंकष मूल्यमापन अपेक्षिले. आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये आपल्या राज्य शासनाने निर्णय काढून आकारिक व संकलित अशी त्याची दोन अंगे ठरवून दिली. पहिली-दुसरीला आकारिकास ७० टक्के भारांश आणि संकलितास ३०, तिसरी-चौथीला ६० आणि ४०, पाचवी-सहावीला निम्मे निम्मे, आणि सातवी-आठवीला ४० व ६० हा क्रम तू नीट पाहिलास, तर योजकांचा आशय आपोआप उलगडतो. मूल जितके लहान, तितका सत्राअखेरच्या एका लेखी पेपरावर भरवसा कमी ठेवावा, आणि दैनंदिन निरीक्षण, तोंडी काम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, छोटी चाचणी, स्वाध्याय अशा नाना वाटांनी त्याच्याकडे रोज पाहणाऱ्या शिक्षकाच्या नजरेवर अधिक ठेवावा, असा तो आशय आहे. शासनाने शिक्षकाच्या नजरेला इतका मान क्वचितच दिला असेल. तो मान आपण पुस्तिकेतल्या वाक्यांच्या स्वाधीन करावा, हे मला बरे दिसत नाही.

‘स्पष्ट उच्चारांसह वाचन करतो’, ‘गटात सहकार्याने काम करतो’, ‘गणितीय क्रिया अचूक करतो’ ही वाक्ये खोटी असतात असे नाही. ती कोणालाही लागू पडतात, हाच त्यांचा दोष. नोंद खरी की पोकळ हे ओळखण्याची कसोटी साधी आहे. नोंदवहीतील नावाचा रकाना हाताने झाकावा आणि नोंद वाचावी. कोणत्या मुलाविषयी ती लिहिली आहे हे त्या मुलाच्या शिक्षिकेलाही सांगता येत नसेल, तर तो मजकूर आहे, नोंद नव्हे.

एक उदाहरण तपशिलाने देतो. समज, तू वजाबाकीची चार गणिते घातलीस: ५२ वजा ३८, ७१ वजा ४५, ६३ वजा २७ आणि ४८ वजा १५. एका मुलाची उत्तरे आली २६, ३४, ४४ आणि ३३. दुसऱ्या मुलीची आली २४, ३६, ४६ आणि ३३. दोघांचेही शेवटचे गणित तेवढे बरोबर, दोघांनाही चारांपैकी एक, दोघांचीही श्रेणी एकच. गुणपत्रक भरणाऱ्याच्या लेखी ही दोन मुले सारखीच. परंतु उत्तरांकडे क्षणभर थांबून पाहा. मुलगा प्रत्येक स्थानी मोठ्या अंकातून लहान अंक वजा करतो, मग तो वरचा असो की खालचा. दशक सुटा करावा लागतो ही कल्पनाच त्याच्यापर्यंत पोहोचलेली नाही. मुलगी दशक सुटा करून एककांची वजाबाकी बिनचूक करते, मात्र वरचा दशक एकाने कमी झाला हे विसरते. पहिल्याला दहा-दहा काड्यांचे गठ्ठे हाती देऊन एक गठ्ठा सोडायला लावला पाहिजे. दुसरीला उसना दिलेला दशक खोडून त्याच्या डोक्यावर नवा अंक लिहिण्याची सवय लावली की पुरे. एकाला मुळापासून शिकवायचे, दुसरीला एका ओळीची आठवण द्यायची. आणि ‘चारांपैकी एक’ या आकड्याने नेमकी हीच गोष्ट झाकून टाकली. मुलाची चूक बहुधा आंधळी नसते, तिच्या पोटी त्याने स्वतः बसवलेला एखादा नियम असतो. तो नियम शोधून काढणे म्हणजे मूल्यमापन, आणि चूक मोजून थांबणे म्हणजे नुसती गणती.

यावरून मी स्वतःपुरता एक दंडक ठरवला होता, तोच तुला देतो. ज्या तपासणीनंतर दुसऱ्या दिवशीच्या शिकवण्यात काहीच फरक पडत नाही, ती तपासणी मुलासाठी झालेली नसते. ती वरच्या कचेरीसाठी झालेली असते. कचेरीलाही माहिती लागते, हे मी नाकारत नाही. कोणत्या तालुक्यात मुले वाचनात मागे आहेत, कोठे शिक्षक कमी पडतात, पैसा कोठे खर्चावा, हे ठरवायला सरकारास आकडे हवेत, आणि ते इमानेइतबारे भरून पाठवणे तुझे कर्तव्य आहे. गफलत होते ती एकाच मापाने दोन्ही कामे उरकण्याचा अट्टहास धरल्यामुळे.

हा अनुभव नवा नाही. इंग्लंडमध्ये १८६२ पासून शाळांचे अनुदान तपासनिसाने घेतलेल्या परीक्षेच्या निकालाशी जोडले गेले, आणि आपल्या मुंबई इलाख्यातही एकोणिसाव्या शतकात निकालानुरूप अनुदानाची ही पद्धत चालली. स्वतः शाळा-तपासनीस असलेल्या मॅथ्यू अर्नल्डने तिच्यावर कडाडून टीका केली, ती याचसाठी की मुलांकडून तेवढाच मजकूर घोकवून घेतला जाई जेवढा तपासनीस विचारील, आणि शिक्षणाचे उरलेले सारे अंग सुकत जाई. जेथे आकड्यावर शाळेचा दाणापाणी अवलंबून ठेवला, तेथे आकडा फुगणारच. आणि फुगलेला आकडा ज्या सरकारासाठी फुगवला, त्याचीही दिशाभूल करतो. म्हणून सांगतो, शाळेची श्रेणी वर दिसावी म्हणून चाचणीचे गुण वाढवून भरण्याची सूचना कोणी नकळत केलीच, तर नम्रपणे कानाआड कर. खोट्या प्रगतीची नोंद झालेल्या मुलाला पुढच्या वर्षी मदत मागण्याचा हक्कच उरत नाही, कारण कागदावर तो शिकलेला असतो.

आता लेखी पेपराविषयी. त्याला मी टाकाऊ मानत नाही. परंतु त्याच्या गुणांत जी निश्चिती आपण गृहीत धरतो, ती तेथे नसते. अमेरिकेत स्टार्च आणि एलियट या दोघांनी १९१२-१३ च्या सुमारास एकच उत्तरपत्रिका अनेक शाळांतील शिक्षकांकडे तपासायला धाडली, तेव्हा इंग्रजीच्या एका उत्तरपत्रिकेला कोणी ५० दिले तर कोणी ९७. आणि भूमितीसारख्या, मतभेदाला जागा नाही असे आपण समजतो त्या, विषयाच्या उत्तरपत्रिकेचे गुण तर २८ पासून ९५ पर्यंत पसरले. आपल्याकडे राधाकृष्णन आयोगाने १९४८-४९ मध्ये विद्यापीठीय शिक्षणाचा विचार करताना, एकच सुधारणा सुचवायची झाली तर ती परीक्षांची, अशा आशयाचे मत नोंदवले. १९५२-५३ च्या मुदलियार आयोगाने माध्यमिक शिक्षणापुरते अंतर्गत मूल्यमापनाला आणि शाळेने ठेवलेल्या संचयी नोंदींना महत्त्व दिले. म्हणजे आज जे नवे म्हणून तुझ्यापुढे आले आहे, त्याची मागणी दोन पिढ्यांपूर्वीची आहे.

या अनिश्चितीवर पूर्ण उतारा नाही, परंतु ती पुष्कळ कमी करता येते. वह्या एकेका मुलाच्या क्रमाने तपासू नकोस. पहिला प्रश्न सर्व मुलांचा, मग दुसरा सर्वांचा, असा क्रम ठेव, म्हणजे एका उत्तराने मनावर उमटलेली छाप त्याच मुलाच्या पुढच्या उत्तरावर पडत नाही. दर प्रश्नानंतर गठ्ठ्याचा क्रम बदल, कारण उत्साहाच्या वेळी पाहिलेल्या पहिल्या वह्या आणि थकल्यावर पाहिलेल्या शेवटच्या वह्या यांना एकच न्याय मिळत नाही. निबंधासाठी मुद्दे, मांडणी, भाषा आणि शुद्धलेखन यांचे गुण आधी कागदावर ठरव, आणि अक्षर वळणदार म्हणून मुद्द्यांचे गुण वाढवू नकोस. प्रश्नपत्रिका काढतानाही निम्मे प्रश्न तरी असे असावेत की ज्यांचे उत्तर पुस्तकाच्या पानावर जसेच्या तसे सापडणार नाही. अन्यथा तू आकलन तपासते आहेस असे तुला वाटेल आणि प्रत्यक्षात पाठांतर तपासले जाईल.

तपासलेल्या वह्या आठवड्याच्या आत परत गेल्या पाहिजेत. महिन्याने आलेला शेरा मुलाच्या दृष्टीने इतिहासजमा झालेला असतो. शेऱ्यात ‘छान’, ‘प्रयत्न कर’, ‘अक्षर सुधार’ एवढ्यावर भागवू नये. ‘दुसऱ्या परिच्छेदात पावसाचे वर्णन चांगले उतरले आहे, पण शेतकऱ्याला आनंद का झाला ते सांगायचे राहिले’ असे लिहिले, म्हणजे मुलाला पुढचे पाऊल कोठे टाकायचे ते कळते. इस्राएलमध्ये रूथ बटलर यांनी १९८८ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, केवळ शेरा मिळालेली मुले सुधारली. मात्र शेऱ्याबरोबर गुणही दिले, तेव्हा तो लाभ दिसेनासा झाला. याचे कारण तू वर्गात रोज पाहतेस: वही हातात पडली की नजर प्रथम गुणांवर जाते, मग शेजाऱ्याच्या गुणांवर, आणि तांबड्या शाईचा शेरा वाचायचा राहूनच जातो. आकारिक चाचण्यांत तरी गुण तुझ्या वहीत ठेव आणि मुलाच्या वहीत फक्त शेरा लिही.

‘ढकलपास’ या शब्दाने पालकांत जी चिडचिड आहे, तीविषयीही तू विचारलेस. कायद्याने आठवीपर्यंत मुलाला वर्गात मागे ठेवू नये असे म्हटले, तेव्हा त्याला न शिकवता पुढे सरकवावे असे म्हटले नव्हते. सातत्याने पाहायचे ते याचसाठी की वर्षाअखेर नापास करण्याची पाळीच येऊ नये. आपण पहिला भाग पाळला आणि दुसरा पुस्तिकेतून उतरवला, त्याचा परिणाम म्हणजे हा शब्द. पुढे २०१९ च्या दुरुस्तीने पाचवी व आठवीच्या अखेरीस परीक्षा घेण्याचे आणि अनुत्तीर्ण मुलाला जादा मार्गदर्शन देऊन दोन महिन्यांच्या आत पुनर्परीक्षेची संधी देण्याचे ठरले, त्यातही अनुत्तीर्ण झालेल्या मुलाला त्याच वर्गात ठेवण्याची मुभा राज्यांना मिळाली, आणि २०२३ मध्ये महाराष्ट्राने तसा नियम केला. तुझी चौथीची मुले उद्या पाचवीत त्या परीक्षेला बसतील. ती भीती त्यांच्यावर आजपासून घालू नकोस. पण जूनमध्ये दोन महिन्यांत भरून काढायची उणीव नोव्हेंबरमध्येच तुला दिसली पाहिजे, एवढी जबाबदारी मात्र घे.

तू म्हणशील, इतकी मुले, इतके विषय, त्यांत शासकीय माहितीचे तक्ते. हे सारे करायचे केव्हा? सर्व मुलांचे सर्व काही रोज लिहायचे नसतेच. दररोज चार-पाच मुले मनाशी ठरवावीत, त्या दिवशी त्यांच्याकडे विशेष लक्ष द्यावे, आणि शाळा सुटल्यावर प्रत्येकाविषयी एकच वाक्य, परंतु पाहिलेल्या गोष्टीचे, तारखेसह लिहावे. महिन्याभरात वर्गाच्या दोन फेऱ्या सहज होतात, आणि सत्राअखेर वर्णनात्मक नोंद रचावी लागत नाही, ती त्या वाक्यांतून निवडून घ्यावी लागते. पालकसभेतही श्रेणी वाचून दाखवण्यापेक्षा ही वाक्ये वाचून दाखव. ज्या आईला श्रेण्यांचा अर्थ उमगत नाही, तिलाही आपल्या मुलीला वजाबाकीत नेमके काय अडते ते बरोबर कळते.

या सत्राच्या नोंदी आता वेळेअभावी जमतील तशा पुऱ्या कर. मुदत चुकवून वरिष्ठांचा रोष ओढवून घेण्यात शहाणपण नाही. दुसऱ्या सत्रापासून मात्र ही छोटी वही सुरू कर, आणि संक्रांतीच्या पत्रात मला वर्गाचा शेकडा निकाल कळवू नकोस. कोणत्याही पाच मुलांची एकेक नोंद आणि ती केल्यावर दुसऱ्या दिवशी तू शिकवण्यात काय बदललेस, एवढेच लिहून पाठव. त्यावर आपण पुढे बोलू.

मुख्याध्यापकांना माझा नमस्कार सांग. प्रकृतीस जप.

तुझा,
मामा