लेसर उपचारानंतरची दृष्टी : अपेक्षा, अवधी आणि निगा

डोळ्यांच्या उपचारांत लेसर किरणांचा उपयोग आता सर्वपरिचित झाला आहे. चष्म्याचा नंबर घालविण्यासाठी तरुण लेसर करून घेतात. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर काही काळाने पुन्हा अंधूक दिसू लागलेल्या वृद्धांना लेसरचा सल्ला मिळतो आणि मधुमेहामुळे दृष्टिपटल बिघडलेल्या रुग्णालाही पुष्कळदा लेसरच सुचविले जाते. शब्द एकच असल्यामुळे फळही सर्वांना एकच मिळेल, अशी समजूत मात्र सर्वत्र आढळते. पहिल्याला दुसऱ्याच दिवशी स्वच्छ दिसले, दुसऱ्याला दोन दिवसांत वर्तमानपत्र वाचता आले. मग तिसऱ्याला महिना उलटला तरी पूर्वीपेक्षा अधिक का दिसत नाही? लेसर वाया गेले, असा निष्कर्ष काढून हा तिसरा रुग्ण पुढच्या तपासण्यांना जाणे सोडून देतो. वस्तुतः त्याचा उपचार यशस्वी झालेला असू शकतो. आणि तो अर्ध्यावर सोडल्यामुळेच पुढे दृष्टी गमावण्याची वेळ येते.

यास्तव लेसर उपचारानंतर दृष्टी केव्हा, किती आणि कशी परत येते, हे प्रत्येक आजाराच्या संदर्भात वेगवेगळे समजून घेणे आवश्यक आहे. रुग्णाच्या घरच्यांना आणि गावातील जाणत्या व्यक्तींना ही माहिती असेल, तर अनेकांचे डोळे वाचू शकतील.

लेसर नेमके काय करते?

पहिला लेसर किरण अमेरिकेतील शास्त्रज्ञ थिओडोर मायमन यांनी १९६० साली माणकाच्या कांडीतून निर्माण केला. त्यानंतर थोड्याच वर्षांत नेत्रवैद्यांनी या किरणांचा उपयोग सुरू केला. डोळ्याचा पुढील भाग पारदर्शक असल्यामुळे डोळा न उघडता किरण थेट आत पोहोचविता येतात, ही त्यातील मोठी सोय होती.

आज वापरात असलेल्या लेसरची कामे स्थूलमानाने तीन प्रकारची आहेत. एक प्रकार उष्णता निर्माण करून दृष्टिपटलावर सूक्ष्म डाग देतो. दुसरा अतिसूक्ष्म स्फोटाने डोळ्याच्या आतील पातळ पडदा फोडतो. तिसरा प्रकार शेजारच्या भागाला जवळजवळ उष्णता न लावता ऊतकाचे अत्यंत पातळ थर काढून टाकतो. या तिसऱ्या प्रकाराचा पाया घालण्यात मद्रास येथे जन्मलेले शास्त्रज्ञ रंगस्वामी श्रीनिवासन यांचा मोठा वाटा आहे. अमेरिकेतील आय. बी. एम. कंपनीच्या प्रयोगशाळेत १९८१ साली त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी एक्सायमर लेसरचा हा गुणधर्म दाखवून दिला. पुढे १९८३ मध्ये नेत्रवैद्य स्टीफन ट्रोकेल यांच्यासमवेत त्याचा डोळ्यासाठी होणारा उपयोग मांडण्यात आला.

चष्म्याच्या नंबरासाठी लेसर

डोळ्याच्या पुढील पारदर्शक भागाला पारपटल म्हणतात. त्याची मध्यभागातील जाडी सुमारे अर्धा मिलिमीटर असते. लॅसिक शस्त्रक्रियेत या पारपटलाची एक पातळ पापुद्र्यासारखी झडप उचलली जाते, तिच्याखालील भागाला लेसरने हवा तसा आकार दिला जातो आणि झडप पुन्हा जागेवर बसविली जाते. एका नंबरासाठी साधारणपणे मिलिमीटरच्या हजाराव्या भागाचे बारा ते पंधरा भाग एवढाच थर काढावा लागतो. पारपटल मुळातच पातळ किंवा शंकूसारखे फुगीर असेल, तर ही शस्त्रक्रिया करू नये, असे डॉक्टर सांगतात त्याचे कारण यावरून लक्षात येईल. तसेच वयाची १८ वर्षे पूर्ण झाल्याखेरीज आणि नंबर किमान वर्षभर स्थिर राहिल्याखेरीज ती करीत नाहीत.

लॅसिकनंतरचे पहिले काही तास जळजळ, पाणी येणे, उजेड सहन न होणे आणि डोळ्यात कचरा गेल्यासारखे वाटणे ही लक्षणे स्वाभाविक असतात. झोप घेतल्याने ती पुष्कळ कमी होतात. दुसऱ्या दिवशी बहुतेकांना चष्म्याशिवाय चांगले दिसू लागते. तथापि दिसू लागणे आणि जखम भरून येणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. झडपेला टाका नसतो. ती केवळ चिकटून राहिलेली असते. डोळा चोळल्यास, विशेषतः पहिल्या काही दिवसांत, ती सरकू शकते. जोराचा मार लागल्यास तर काही वर्षांनंतरही ती सरकल्याची उदाहरणे आहेत. म्हणून रात्री डोळ्यावर संरक्षक झाकण लावणे, काही आठवडे पोहणे टाळणे, धूळ, भुसा व चुलीचा धूर यांपासून दूर राहणे आणि काजळ-सुरमा न घालणे हे नियम कटाक्षाने पाळले पाहिजेत. मळणी अथवा फवारणी यांसारखी कामे डॉक्टरांनी अनुमती दिल्याशिवाय सुरू करू नयेत.

शस्त्रक्रियेत पारपटलातील सूक्ष्म मज्जातंतू कापले जातात. ते पुन्हा वाढेपर्यंत डोळे कोरडे पडतात. काहींना हा त्रास तीन ते सहा महिने, तर क्वचित त्याहूनही अधिक काळ होतो. वाचताना मधूनच अंधूक होणे आणि पापण्या मिचकावल्यावर स्पष्ट दिसणे हे या कोरडेपणाचे लक्षण होय. रात्री दिव्यांभोवती वलये दिसणे हाही प्रारंभीचा अनुभव असतो. रात्रीचे वाहन चालविण्याची घाई करू नये ती याचसाठी. नंबर स्थिर होण्यास एक ते तीन महिने लागतात.

ज्यांचे पारपटल झडपेसाठी पुरेसे जाड नसते, त्यांच्यापैकी काहींना पी. आर. के. ही पद्धत सुचविली जाते. तीत झडप न करता पारपटलावरील वरची त्वचा काढून लेसर देतात. ही त्वचा पुन्हा तयार होईपर्यंतचे तीन-चार दिवस वेदनांचे असतात आणि दृष्टी स्वच्छ होण्यास काही आठवडे लागतात. शेजारच्या मुलाला दुसऱ्या दिवशी दिसले आणि आपल्याला आठवड्यानंतरही धूसर दिसते, म्हणून काही बिघडले असे समजण्याचे कारण नाही. पद्धतच निराळी आहे.

दोन गोष्टी मात्र या सर्व रुग्णांनी आयुष्यभर लक्षात ठेवाव्यात. नंबर गेला तरी मोठा उणे नंबर असलेल्या डोळ्याचे दृष्टिपटल पूर्वीइतकेच नाजूक राहते. ते सुटण्याचा धोका शस्त्रक्रियेने जात नाही. दुसरी गोष्ट अशी की, पारपटल पातळ झाल्यामुळे डोळ्याचा दाब मोजताना तो प्रत्यक्षाहून कमी दिसू शकतो आणि उतारवयात मोतीबिंदू काढताना कृत्रिम भिंगाची शक्ती ठरविणे अवघड जाते. यासाठी शस्त्रक्रियेपूर्वीचा नंबर आणि पारपटलाची मापे असलेला कागद घरात जपून ठेवावा. चाळिशीनंतर वाचनासाठी लागणारा चष्मा या शस्त्रक्रियेने टळत नाही, हेही आधीच जाणून घेतलेले बरे.

मोतीबिंदूनंतरचे लेसर

मोतीबिंदू काढून कृत्रिम भिंग बसविल्यावर काही महिन्यांनी वा वर्षांनी पुन्हा अंधूक दिसू लागले, की 'मोतीबिंदू परत आला' असे म्हटले जाते. हे बरोबर नाही. मोतीबिंदू म्हणजे गढूळ झालेले नैसर्गिक भिंग. ते काढून टाकल्यावर मोतीबिंदू पुन्हा येत नाही. भिंगाच्या पिशवीचा जो मागील पातळ पडदा शस्त्रक्रियेत मुद्दाम राखलेला असतो, तो कालांतराने धूसर होतो. याग नावाच्या लेसरने या पडद्याच्या मध्यभागी लहानसे छिद्र पाडले, की प्रकाशाचा मार्ग मोकळा होतो.

हा उपचार काही मिनिटांचा आणि बहुधा वेदनारहित असतो. त्यात छेद नाही, टाका नाही, पट्टीही नाही. बाहुली मोठी करणाऱ्या औषधामुळे त्या दिवशी काही तास अंधूक दिसते. त्यानंतर एक-दोन दिवसांत दृष्टी स्पष्ट होते. पडद्याचे सूक्ष्म कण काही दिवस काळ्या ठिपक्यांसारखे तरंगताना दिसतात. डोळ्याचा दाब वाढला नाही ना, हे पाहण्यासाठी डॉक्टर सांगतील त्या वेळी तपासणी करून घ्यावी. मूळ दृष्टिपटल निरोगी असेल तर शस्त्रक्रियेनंतर मिळालेली पहिली दृष्टी जवळजवळ पूर्णपणे परत येते.

मधुमेहातील लेसर : दृष्टी राखण्याचा उपचार

मधुमेह अनेक वर्षे राहिला, की दृष्टिपटलातील सूक्ष्म रक्तवाहिन्या खराब होतात. काही भागांना प्राणवायू अपुरा पडतो. असा उपाशी भाग रासायनिक संदेश सोडतो आणि त्या प्रभावाने नव्या रक्तवाहिन्या फुटतात. दुर्दैवाने या नव्या वाहिन्या अत्यंत ठिसूळ असतात. त्या फुटून डोळ्यात रक्तस्राव होतो किंवा त्यांच्या जाळ्याने दृष्टिपटल ओढले जाऊन सुटते. हे घडेपर्यंत रुग्णाला पुष्कळदा उत्तम दिसत असते, ही या आजाराची सर्वांत फसवी बाजू होय.

या अवस्थेत दृष्टिपटलाच्या कडेच्या भागावर लेसरचे शेकडो, कित्येकदा हजाराहून अधिक सूक्ष्म डाग दिले जातात. कडेच्या भागाची प्राणवायूची गरज कमी झाली, की नव्या वाहिन्या हळूहळू सुकतात. मध्यभागातील मोलाची दृष्टी वाचविण्यासाठी कडेच्या दृष्टीचा थोडा त्याग केला जातो, असे याचे स्वरूप आहे. त्यामुळे उपचारानंतर काही दिवस अंधूक दिसणे, अंधारात व बाजूचे थोडे कमी दिसणे असे परिणाम संभवतात. रक्तवाहिन्या सुकण्यास काही आठवडे लागतात आणि पुष्कळदा लेसर एकाहून अधिक बैठकांत पूर्ण करावे लागते.

या उपचाराने नजर सहसा वाढत नाही. 'होते तेवढे टिकले' हेच त्याचे यश आहे. अमेरिकेत १९७०च्या दशकात झालेल्या मोठ्या अभ्यासात असे सिद्ध झाले, की लेसरमुळे दृष्टी गंभीर प्रमाणात जाण्याचा धोका निम्म्याने किंवा त्याहूनही कमी होतो. दृष्टिपटलाच्या मध्यबिंदूवर सूज असल्यास आता डोळ्यात इंजेक्शन देण्याचा उपचार प्रामुख्याने केला जातो व त्याने दृष्टी काही अंशी सुधारूही शकते. परंतु त्यासाठी वारंवार रुग्णालयात जावे लागते. नव्या वाहिन्यांच्या अवस्थेत, विशेषतः लांबून येणाऱ्या आणि नियमित येऊ न शकणाऱ्या रुग्णासाठी, लेसरचे महत्त्व कायम आहे. लेसर पूर्ण झाल्यावरही रक्तातील साखर व रक्तदाब आटोक्यात ठेवणे आणि ठरलेल्या तारखांना दृष्टिपटलाची तपासणी करून घेणे चालूच ठेवले पाहिजे.

काचबिंदूवरील लेसरचाही हेतू दृष्टी टिकविणे हाच असतो. त्या आजारात गेलेली दृष्टी कोणत्याच उपचाराने परत येत नाही.

सर्वांसाठी धोक्याच्या खुणा

लेसर कोणत्याही प्रकारचे असो, पुढीलपैकी एखादे लक्षण दिसताच त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञाकडे जावे : वाढत जाणारी वेदना व लाली, दृष्टी अचानक कमी होणे, डोळ्यांपुढे विजेसारखे चमकणे, काळ्या ठिपक्यांचा एकाएकी वर्षाव होणे, दृष्टीच्या एका बाजूस पडदा ओढल्यासारखे वाटणे.

डोळ्यात मध, एरंडेल, दूध किंवा अन्य घरगुती द्रव्य घालू नये. स्टेरॉइड असलेले थेंब सांगितलेल्या मुदतीपलीकडे स्वतःहून आणून घालणे हेही तितकेच घातक आहे. त्यांनी डोळ्याला बरे वाटते, पण काहींच्या बाबतीत डोळ्याचा दाब वेदना न होता वाढतो आणि नेत्रतंतूची कायमची हानी होते.

गावपातळीवर काय करता येईल?

अंधत्व नियंत्रणाचा राष्ट्रीय कार्यक्रम देशात १९७६ साली सुरू झाला. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियांमुळे तो गावोगाव पोहोचला. आता गरज आहे ती उपचारानंतरच्या पाठपुराव्याची.

ग्रामपंचायतींना यात पुष्कळ करता येईल. आशा स्वयंसेविकेच्या मदतीने गावातील मधुमेही व्यक्तींची यादी करून प्रत्येकाची वर्षातून एकदा बाहुली मोठी करून दृष्टिपटल-तपासणी होते की नाही, हे ग्रामसभेच्या वेळी पाहता येईल. ज्यांचे लेसर अर्धे झाले आहे, त्यांच्या पुढील तारखा लिहून ठेवून त्या दिवशी रुग्णालयापर्यंत जाण्याची सोय करणे हे काम खर्चाचे नाही. पण एखाद्या कुटुंबाच्या कर्त्या माणसाची दृष्टी त्यावर अवलंबून असू शकते. प्राथमिक आरोग्य केंद्रातील अधिकाऱ्यांनी रुग्णाला परत पाठविताना, 'या उपचाराने नजर वाढेल की केवळ टिकेल' हे एक वाक्य त्याच्या घरच्यांसमोर स्पष्टपणे सांगावे.

शिक्षकांकडेही एक जबाबदारी येते. अपुऱ्या दिवसांत जन्मलेल्या काही बालकांना दृष्टिपटलाच्या विकारासाठी जन्मानंतर थोड्याच आठवड्यांत लेसर दिलेले असते. ही मुले शाळेत येतात तेव्हा त्यांच्यापैकी पुष्कळांना मोठ्या उणे नंबराचा चष्मा लागतो. फळ्याजवळ जाणारे किंवा पुस्तक नाकाशी धरणारे मूल आढळल्यास पालकांकडे जन्माच्या वेळची चौकशी करावी आणि त्यास पुढील बाकावर बसवून नेत्रतपासणीस पाठवावे.

लेसर यंत्राचे काम काही मिनिटांत संपते. त्यानंतरचे आठवडे आणि महिने रुग्णाचे, त्याच्या कुटुंबाचे व गावाचे असतात. उपचारापासून काय मिळणार आहे हे ज्याला आधी कळले, तो धीराने थेंब घालतो, तारखा पाळतो आणि आपली दृष्टी राखतो. ही माहिती त्याच्यापर्यंत वेळेवर पोहोचविणे हे आपणा सर्वांचे कर्तव्य आहे.