प्रेनेस्टे : दोन वेढे आणि एक गाव



रोमचा इतिहास शिकवताना आपण बहुतेक वेळा सेनापतींपाशीच थांबतो. हॅनिबल आला, सुल्ला जिंकला, तास संपला. या वेळी नकाशात रोमच्या पूर्वेला साधारण ३५ किलोमीटरवर बोट ठेवा. डोंगरउतारावरचं हे लॅटिन लोकांचं जुनं गाव, प्रेनेस्टे. आज त्याला पालेस्त्रीना म्हणतात. इ. स. पू. ३३८ मध्ये लॅटिन गावं रोमपुढे हरली, तेव्हा प्रेनेस्टेची काही जमीन गेली. पण ते रोममध्ये विलीन झालं नाही, मित्रगाव म्हणून वेगळं राहिलं. युद्ध आलं की माणसं मात्र द्यावी लागत.

इ. स. पू. २१६ मध्ये प्रेनेस्टेचे ५७० सैनिक कॅसिलिनम गावात अडकले. बाहेर हॅनिबलचा वेढा. रोमन इतिहासकार लिव्ही लिहितो की, त्यांनी ढालींवरचं चामडं उकडून खाल्लं, उंदीरही सोडले नाहीत. नदीतून वाहत आलेले अक्रोड पकडून खाल्ले. शत्रूने तटाबाहेरची जमीन नांगरली, तेव्हा त्यांनी तिथे सलगमचं बी फेकलं. हे उगवेपर्यंत मी इथे बसायचं का, असं हॅनिबल ओरडला म्हणे! मुलांना हा भाग फार आवडतो. पण याच सैनिकांनी सुरुवातीला कॅसिलिनमच्या रहिवाशांना एका रात्रीत मारलं होतं, हेही लिव्हीच सांगतो. मोठ्या वर्गात हे वगळू नका.

निम्म्याहून अधिक परत आले. रोमने दुप्पट पगार दिला, पाच वर्षं लष्करी सेवेतून सूट दिली आणि नागरिकत्वही देऊ केलं. नागरिकत्व त्यांनी घेतलं नाही. इथे थांबा आणि विचारा, का घेतलं नसेल? मुलांची उत्तरं येऊ द्या, घाई नको.

सुमारे १३० वर्षांनी रोमन लोकांच्या आपसातल्या युद्धात सुल्लाकडून हरलेला धाकटा मारियस या गावात शिरला. दरवाजे आधीच बंद झाले होते, त्याला दोराने तटावर ओढून घेतलं. मग पुन्हा वेढा. आता आत प्रेनेस्टेच होतं. भांडण रोमचं. इ. स. पू. ८२ मध्ये गाव शरण आलं आणि सुल्लाने पुरुषांची कत्तल केली. प्लुटार्क १२,००० हा आकडा देतो. सुल्ला पूर्वी ज्याच्या घरी पाहुणा म्हणून उतरला होता, त्या एकाला जीवदान मिळत होतं. माझ्या गावाला मारणाऱ्याचे उपकार नकोत, असं म्हणून तो बाकीच्यांत जाऊन उभा राहिला आणि मेला.

पुढे देवी फॉर्च्युनाच्या तिथल्या प्रचंड मंदिरावर घरं चढत गेली. १९४४ च्या बॉम्बहल्ल्यात ती कोसळली आणि खालचे मंदिराचे टप्पे उघडे पडले. इंटरनेटवर त्यांचे सुंदर फोटो मिळतात. दाखवाल तेव्हा तिथे कोणाची तरी घरं होती, हेही सांगा.