शेतमजुराच्या मजुरीचा दावा व त्याची मुदत

कर्जरोख्याची मुदत, दस्तनोंदणीची मुदत, फेरफारावरील हरकतीची मुदत, या आमच्या शेतकरी बंधूंस बहुधा तोंडपाठ असतात. परंतु आपल्या शेतावर राबलेल्या मजुरास राहिलेली मजुरी किती काळपर्यंत मागता येते, असे विचारले असता पुष्कळ जण निरुत्तर होतात. ही मुदत अलीकडे बदलली आहे; आणि घोडेगाव, मंचर, नारायणगाव या पट्ट्यातील कांदा, बटाटा व टोमॅटो मजुरांच्या हातांवरच निघत असल्यामुळे तिचा विचार येथे करणे आम्हांस अवश्य वाटते.

सन 1908 च्या मुदतीच्या कायद्यात घरगडी, कारागीर व मजूर यांस मजुरीचा दावा लावण्यास अवघे 1 वर्ष मिळे. सन 1963 च्या कायद्याने ते 3 वर्षे केले. परंतु दिवाणी कोर्टाची पायरी चढणे मजुरास परवडते कोठे? म्हणून सन 1948 च्या किमान वेतन अधिनियमाने निराळा सोपा मार्ग काढला. नेमलेल्या अधिकाऱ्यापुढे साधा अर्ज करावा, मात्र मजुरी देय झाल्यापासून 6 महिन्यांच्या आत. उशिरास पुरेसे कारण दाखविल्यास तो माफ करण्याचा अधिकारही त्या अधिकाऱ्यास होता.

‘पुरेसे कारण’ म्हणजे काय, हा प्रश्न कांद्याच्या बाजारामुळे आमच्या वाचकांस परिचित असलेल्या लोणंद गावातूनच सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तेथील ग्रामपंचायतीच्या नोकरांनी जादा वेळच्या कामाचे वेतन मुदतीनंतर मागितले व अधिकाऱ्याने उशीर माफ केला. ग्रामपंचायतीने त्याविरुद्ध वरपर्यंत दाद मागितली. परंतु सन 1967 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अधिकाऱ्याचाच निर्णय कायम ठेविला. खरा न्याय व्हावा अशा रीतीने या शब्दांचा अर्थ उदारपणे करावा, असे ठरले. तेव्हा केवळ मुदत टळली म्हणून निश्चिंत होणाऱ्या मालकाने हा निकाल ध्यानात ठेवावा.

आता 21 नोव्हेंबर 2025 पासून वेतन संहिता, 2019 अमलात आली असून जुन्या अधिनियमाची जागा तिने घेतली आहे. तिच्या कलम 45 प्रमाणे अर्जाची मुदत 3 वर्षे आहे, आणि पुरेसे कारण असल्यास त्यानंतरही अर्ज घेता येतो. अर्ज मजुराने स्वतः, त्याच्या नोंदणीकृत संघाने किंवा निरीक्षकाने करावा. दावा सिद्ध झाल्यास मूळ रकमेशिवाय तिच्या दहापटीपर्यंत भरपाई देवविता येते. ती न दिल्यास जिल्हाधिकारी जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करतात. ही वसुली कशी असते हे महसूल खात्यात कारकुनी केल्यामुळे आम्हांस सांगता येते: आधी मागणीची नोटीस, मग जंगम मालाची जप्ती, आणि तेवढ्याने न भागल्यास जमिनीपर्यंत पाळी.

मुदत मोजावी ती मजुरी देय झाल्या दिवसापासून. रोजंदारीची मजुरी त्याच दिवशी काम संपताच देय होते, आठवड्याची आठवड्याच्या शेवटच्या कामाच्या दिवशी, महिन्याची पुढील महिन्याचा सातवा दिवस संपण्यापूर्वी. प्रत्येक खेपेची मुदत निराळी चालते. 10 जानेवारी 2026 रोजी संपलेल्या आठवड्याची कांदालागणीची मजुरी राहिली असेल, तर तिचा अर्ज जानेवारी 2029 पर्यंत येऊ शकतो.

खरी अडचण पुढेच आहे. मजुरी दिली हे सिद्ध करण्याचा भार संहितेने मालकावर टाकला आहे. तीन वर्षांपूर्वी कोणत्या बाईस किती रोज दिले, हे कोणाच्या स्मरणात राहणार? शेतीकामावर पाचांपेक्षा अधिक माणसे न ठेवणाऱ्यास नोंदवह्यांची सक्ती नाही, हे खरे. तथापि निरीक्षकाने मागितल्यास मजुरी दिल्याचा वाजवी पुरावा त्यानेही दाखविला पाहिजे.

आमच्याकडे टोळीची सारी रक्कम मुकादमाच्या हाती देऊन मोकळे होण्याची चाल आहे. मुकादमाने ती वाटली नाही, तर जबाबदारी अखेर मालकाच्या दारी येऊ शकते. सबब प्रत्येकाची सही किंवा अंगठा निराळा घ्यावा, अथवा रक्कम ज्याच्या त्याच्या खात्यावर जमा करावी. उचल दिली असल्यास तीही तारीखवार लिहावी, कारण सर्व कपाती मिळून मजुरीच्या निम्म्याहून अधिक होता कामा नयेत. भातकापणीस धान्य देण्याची जुनी रीत पश्चिमेकडील गावांत कोणी पाळीत असेल, तर त्या धान्याची किंमत एकूण मजुरीच्या 15 टक्क्यांपर्यंतच मजुरीत धरता येते. बाकीची मजुरी रोख, धनादेशाने वा खात्यावरच दिली पाहिजे. आणि ‘मी कमी दराने राजीखुशीने आलो’ असा कागद लिहून घेणारे काही हुशार लोक असतात. हक्काची मजुरी सोडून देणारा असा करार संहितेने रद्दबातल ठरविला आहे. एकाच कामास बाईस कमी व गड्यास अधिक दर देणेही तिला मंजूर नाही.

वहीत तारीख, नाव, काम, रोज, उचल, दिलेली रक्कम व सही एवढे सात रकाने पुरेत. सन 2026 ची वही सन 2029 संपेपर्यंत तरी सातबाऱ्याच्या उताऱ्यांबरोबर पेटीत ठेवावी, आणि एखाद्या मजुराचा अर्ज चालू असल्यास त्याचा निकाल लागेपर्यंत ती काढून टाकू नये.