महाडचा सत्याग्रह आणि त्याची बातमी

चवदार तळ्याचा सत्याग्रह आपण दरवर्षी २० मार्चला आठवतो. त्याची हकीकत कोणी व कोणत्या शब्दांत लिहिली, हा भाग मात्र अभ्यासात मागे पडतो. विद्यार्थी मित्रांनी तो मुद्दाम पाहावा.

सार्वजनिक पाणवठे खुले करण्याचा सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलात ४ ऑगस्ट १९२३ रोजी मंजूर झाला होता. महाड नगरपालिकेनेही तळे खुले केले होते. म्हणजे २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेबांमागून जे हजारो लोक शिस्तीने तळ्यावर गेले व पाणी प्याले, ते मिळालेला हक्कच बजावत होते. पुढे, हे लोक वीरेश्वराच्या देवळात शिरणार अशी आवई उठली आणि जेवत असलेल्या, गावी परत निघालेल्या माणसांवर जमाव लाठ्या घेऊन तुटून पडला.

ह्या प्रसंगाला 'दंगल' म्हटले की मारणारा आणि मार खाणारा एकाच शब्दात झाकला जातो. आम्हा बँकेतल्या लोकांना रक्कम जमेची की नावेची हे आधी पाहायची सवय. बातमीतही कर्ता आधी शोधावा.

बाबासाहेबांनी हे ओळखले होते. ३१ जानेवारी १९२० रोजी निघालेल्या 'मूकनायक'ची जाहिरात 'केसरी'ने पैसे देऊनही छापली नाही, असे त्यांनीच पुढे नमूद केले आहे. महाडनंतर दोनच आठवड्यांनी, ३ एप्रिल १९२७ रोजी, त्यांनी 'बहिष्कृत भारत' काढले. त्यातील महाडवरच्या लेखांत त्यांचा शब्द आहे 'धर्मसंगर'. वरिष्ठ हिंदूंची, सरकारची आणि अस्पृश्यांची, अशी प्रत्येकाची जबाबदारी त्यांनी वेगळी मांडली. आपल्या माणसांनाही सोडले नाही, हे विशेष. त्याच वर्षी नोव्हेंबरात अमरावतीला अंबादेवी मंदिरप्रवेशासाठी त्यांच्या अध्यक्षतेखाली परिषद झाली, तेव्हा वऱ्हाडची हकीकत सांगायलाही हे पत्र हाताशी होते.

२७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला. त्यानंतर मराठवाड्यात गावोगावी दलितांची घरे पेटवली गेली. तरी आपल्याही तोंडी 'नामांतराची दंगल' हाच शब्द बसला आहे. मोठ्या ग्रंथालयांत त्या काळातील वर्तमानपत्रे बांधून ठेवलेली असतात. विद्यार्थ्यांनी एकाच तारखेचे दोन अंक शेजारी ठेवावेत आणि कोणत्या बातमीत घरे 'जळाली' व कोणत्या बातमीत 'जाळली', एवढे वहीत उतरवून आणावे.