‘का?’ हा प्रश्न आणि आपले ईमान

पिंपरी-चिंचवड आणि चाकण परिसरातील वाहनउद्योगात एखादा सुटा भाग सदोष निघाला, तर लागोपाठ पाच वेळा ‘का?’ असे विचारून मूळ कारण शोधण्याची पद्धत रूढ आहे. दिवसभर हे काम करणारा मुलगा रात्री घरी विचारतो, “अल्लाह आहे, हे कशावरून?” अशा वेळी “गप्प बस, ईमान जाईल” एवढेच म्हणणे योग्य आहे का? इतिहासाच्या आधारे याचा विचार करू या.

श्रद्धा व बुद्धी यांचा वाद पाश्चात्त्य तत्त्वज्ञानात फार जुना आहे आणि त्यात मुस्लिम विचारवंतांचा वाटा मोठा आहे. इमाम गझाली (मृत्यू ११११) यांनी ‘तहाफुतुल फलासिफा’ या ग्रंथात ग्रीक विचारांच्या अनुयायी तत्त्वज्ञांची चिकित्सा केली. अग्नीचा स्पर्श होताच कापूस जळतो, हे डोळ्यांना दिसते. पण त्या दोहोंतील अटळ संबंध दिसत नाही, खरा कर्ता अल्लाह आहे, असे ते म्हणतात. मात्र गणित किंवा ग्रहणाचे शास्त्र त्यांनी नाकारले नाही. धर्मरक्षणाच्या नावाखाली असे सिद्ध ज्ञान नाकारणारा धर्माचेच नुकसान करतो, असा इशारा त्यांनी दिला.

कुर्तुबाचे काजी इब्ने रुश्द (११२६–११९८) यांनी गझालींना उत्तर दिले. सत्य हे सत्याच्या विरोधात जात नाही आणि सृष्टीचे चिंतन करण्यास शरीअतच सांगते, असे त्यांचे प्रतिपादन होते. त्यांची भाष्ये लॅटिनमध्ये गेली आणि युरोपात खळबळ उडाली. १२७७ मध्ये पॅरिसच्या बिशपने २१९ विधाने निषिद्ध ठरवली. पण बंदीने प्रश्न मिटले नाहीत.

पुढे देकार्तने १६४१ मध्ये सर्व गोष्टींवर संशय घेण्यापासून आरंभ केला आणि तो ईश्वराच्या अस्तित्वाच्या निष्कर्षापर्यंत पोहोचला. ह्यूमने १७४८ मध्ये कार्यकारणाविषयी गझालींसारखाच प्रश्न विचारला; गझालींना जेथे अल्लाहची कुदरत दिसली, तेथे त्याला केवळ मनाची सवय दिसली. कांटने १७८१ मध्ये दाखवले की निव्वळ तर्काने ईश्वराचे अस्तित्व सिद्धही करता येत नाही आणि खोडूनही काढता येत नाही.

यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. प्रश्न एकच असला, तरी तो कोणाला ईमानाकडे नेतो, कोणाला दूर. मुलाच्या प्रश्नाच्या वेळी त्याच्यासोबत कोण आहे, याला म्हणूनच महत्त्व आहे. यंत्र का बिघडले, हे कारखान्यातील पद्धत सांगते. मुळात ही सृष्टी का आहे आणि माझ्या जीवनाचा हेतू काय, हे त्या मापाने मोजता येत नाही, हेही त्याला समजावून सांगावे लागेल.

पवित्र कुरआनातील सूरह बकरहची २६०वी आयत आठवा. हजरत इब्राहीम (अलै.) यांनी मृतांना पुन्हा कसे जिवंत केले जाते, ते दाखवण्याची विनंती केली. त्यांचे ईमान होतेच. त्यांना अंतःकरणाचे समाधान हवे होते. अल्लाहने त्यांना झिडकारले नाही, तर पक्ष्यांद्वारे दाखवून दिले.

म्हणून मुलाला जवळ बसवा. उत्तर ठाऊक नसेल, तर तसे सांगा आणि जाणकार आलिमांकडे त्याच्यासोबत स्वतः जा. अल्लाह आपणा सर्वांना ज्ञान आणि दृढ ईमान प्रदान करो. आमीन.