पडद्यावरची बातमी आधी कागदावर

संध्याकाळी टीव्हीवर बातम्या लागतात. पडद्यावरची बाई आपल्याकडे बघून सरळ बोलू लागते. शब्द अडत नाही, आकडा चुकत नाही. आपल्याला वाटते, हिला सगळे तोंडपाठ आहे! पण मंडळी, तसे नसते. ते सगळे तिच्यासमोर लिहिलेले असते.

कॅमेऱ्यापुढे एक काच बसवतात. त्या काचेवर मोठी अक्षरे सरकत जातात. ती अक्षरे बघून बातमी वाचतात. आपल्याला फक्त वाचणारी दिसते, अक्षरे दिसत नाहीत. पूर्वी ही सोय नव्हती. तेव्हा हातातल्या कागदावरून वाचत. मुंबईचे दूरचित्रवाणी केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. तेथून मराठी बातम्या देणारे पहिले निवेदक म्हणजे डॉ. विश्वास मेहेंदळे.

जो बातमी वाचून सांगतो तो निवेदक. जो बातमी मिळवून आणतो तो बातमीदार. बातमीदाराचे काम कसे चालते, ते एका सामन्यावरून पाहू.

२०२५ सालची गोष्ट. नागपूरजवळ जामठा येथे रणजी करंडकाचा शेवटचा सामना झाला. एका बाजूला आपला विदर्भ, दुसऱ्या बाजूला केरळ. सामना पाच दिवस चालला. पहिल्या डावात विदर्भाने ३७९ धावा केल्या, केरळने ३४२. पुढे सामना अनिर्णित राहिला. तरी करंडक विदर्भाला मिळाला.

पारावर कोणीतरी विचारीलच, "काहून भाऊ, सामना तं कोणीच जिंकला नाही, मंग करंडक आपल्याले कसा?"

याचे उत्तर देणे हेच बातमीदाराचे काम. त्याने नियम वाचलेला असतो. असा सामना अनिर्णित राहिला, तर पहिल्या डावात ज्याच्या धावा जास्त, तो विजयी. ३७९ मधून ३४२ वजा करा. उरल्या ३७. या ३७ धावांनी विदर्भाचे काम केले. याआधी विदर्भाने २०१७-१८ आणि २०१८-१९ या हंगामांत करंडक जिंकला होता. म्हणजे हा तिसरा. हे सारे बातमीदार वहीत टिपतो, पुन्हा पडताळून बघतो, नावे नीट लिहितो. जिंकणाऱ्याला विचारतो, तसे हरणाऱ्यालाही विचारतो. मगच बोलतो.

मराठीत खेळाच्या बातमीला मान मिळवून दिला तो वि. वि. करमरकर यांनी. ते 'महाराष्ट्र टाइम्स' या वर्तमानपत्राचे क्रीडा संपादक होते. क्रिकेटबरोबर कबड्डी, खो-खो, कुस्ती या आपल्या मातीतल्या खेळांनाही त्यांनी पानावर जागा दिली. आकाशवाणीवरून त्यांनी क्रिकेटचे वर्णन मराठीत ऐकवले. २०२३ साली ते वारले.

आपल्या वऱ्हाडाचेही बघा. अमरावतीचे हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ साली निघाले. १९३६ साली जर्मनीत बर्लिन शहरी ऑलिंपिक सामने भरले. तेथे मंडळाच्या गड्यांनी कबड्डीसारखे आपले खेळ करून दाखवले. ऑलिंपिकचे खेळ दूरचित्रवाणीवर दिसले तेही प्रथम त्याच वर्षी, आणि तेही बर्लिन परिसरातल्या काही सार्वजनिक दालनांतच. अमरावतीत बसून काय दिसणार? इकडच्या माणसांना मोठा आधार होता तो लिहिलेल्या कागदाचा.

अकोल्याचेही उदाहरण आहे. गोपाळ गणेश आगरकर गरिबीत दिवस काढून अकोल्यास शिकले. पुढे १८८१ साली ते 'केसरी'चे पहिले संपादक झाले. तेव्हा टीव्हीचा कॅमेरा नव्हता, पडदा नव्हता. लेखणी होती.

आज मोबाइलवर कोणीही काहीही धाडतो. चित्र खरे असते, पण ते दुसऱ्या गावचे किंवा जुन्या सालचे असते. त्यावरून भांडणे होतात, माणसे मारही खातात. म्हणून बातमीदाराची रीत आपणही धरू. काय झाले? कोठे? केव्हा? कोणी पाहिले? दुसरी बाजू काय म्हणते? एवढे विचारल्याशिवाय बातमी पुढे पाठवू नये.

आणि एक. प्रत्येक गावच्या कबड्डीला कॅमेरा येणार नाही. जे कोणी लिहीत नाही, ते पुढे विसरले जाते. आता आपल्याला लिहिता येते. आपल्या गावच्या सामन्याची बातमी आपणच लिहावी. आज वहीत लिहिणारी एखादी पोरगी उद्या पडद्यावर दिसेल. तिची सुरुवात मात्र कागदावरच होईल.

अभ्यास

१. निवेदक आणि बातमीदार यांत फरक काय?
२. अनिर्णित सामन्यात विदर्भाला करंडक का मिळाला? वजाबाकी करून दाखवा.
३. गावात झालेल्या एखाद्या खेळाची बातमी पाच ओळींत लिहा. दिवस, जागा आणि खेळणाऱ्यांची नावे चुकू देऊ नका. लिहून झाल्यावर ती वर्गात मोठ्याने वाचा.