मैदान कुणाचं असतं? : कोल्हापूरचं शाहू स्टेडियम आणि आपल्या शाळेचं पटांगण

(इयत्ता ४ थी ते ७ वी : परिसर अभ्यास, गणित, भाषा व शारीरिक शिक्षणासाठी पूरक वाचन)



२०२२ च्या नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये कतारला फुटबॉलचा विश्वचषक झाला. आपल्या हदगाव तालुक्यातल्या कितीतरी गावांत फुटबॉलचा एक धड सामना कधी झाला नसेल, पण तिथल्या लेकरांच्या तोंडी मेस्सी आणि एम्बापे ही नावं बसली. मोबाईलची कृपा! लेकरांनी खेळाडू पाहिले, तशी तिथली स्टेडियमंही पाहिली. मग वर्गात प्रश्न येतो, "सर, एवढं मोठं ग्राउंड कशाला बांधतेत? नंतर त्याचं काय करतेत?"

प्रश्न साधा वाटतो, पण फार मोलाचा आहे. त्याच्या उत्तरासाठी आपण आधी थोडं कतारला जाऊ, मग कोल्हापूरला आणि शेवटी आपल्याच शाळेच्या पटांगणात येऊ.

१) कतारची स्टेडियमं

कतार हा आखाती देश आकाराने आपल्या एखाद्या मोठ्या जिल्ह्याएवढा. तिथे विश्वचषकासाठी आठ स्टेडियमं वापरली. त्यातलं खलिफा स्टेडियम १९७६ चं, ते दुरुस्त करून घेतलं. बाकीची सात नवीन बांधली. अल बैत हे वाळवंटात फिरणाऱ्या लोकांच्या तंबूच्या आकाराचं. अल थुमामा हे अरब पुरुष डोक्यावरच्या रुमालाखाली घालतात त्या विणलेल्या टोपीसारखं. लुसैलच्या स्टेडियममध्ये अर्जेंटिना आणि फ्रान्सचा अंतिम सामना झाला, तेव्हा ८८,९६६ प्रेक्षक होते. पन्नास माणसांची एक एसटी धरली, तर ही माणसं आणायला जवळपास १,७८० गाड्या लागतील.

सगळ्यात वेगळं होतं 'स्टेडियम ९७४'. जहाजावर माल वाहायला वापरतात ते लोखंडी कंटेनर एकावर एक रचून ते उभं केलं होतं. कंटेनर ९७४ आणि कतारचा फोन कोडही ९७४. सामने संपल्यावर उलगडून टाकायचं, असं ठरवूनच ते बांधलेलं. म्हणजे 'नंतर काय करतेत' हा लेकरांचा प्रश्न तिथल्या बांधणाऱ्यांनाही पडलेला होता. ही स्टेडियमं ज्यांच्या हातांनी उभी राहिली, त्या मजुरांत भारत, नेपाळ, बांगलादेशातून गेलेले लोक फार मोठ्या संख्येने होते, हेही मुलांना सांगावं. भूगोलातलं 'स्थलांतर' त्यांना असंच कळतं.

महिनाभराचा सोहळा झाला, पाहुणे आपापल्या देशी गेले. पण रोज, दरवर्षी, पिढ्यान्‌पिढ्या भरणारं फुटबॉलचं मैदान पाहायचं असेल तर विमानाने जायची गरज नाही. ते आपल्याच महाराष्ट्रात आहे.

२) तळ्याच्या जागी मैदान

कोल्हापूर म्हटलं की अंबाबाई, कुस्ती, गूळ आणि तांबडा-पांढरा आठवतो. त्या यादीत फुटबॉलही घालायला हवा. जुन्या कोल्हापुरात बरीच तळी होती. शहर वाढत गेलं तशी ती बुजवली गेली. वरुणतीर्थाच्या जागी आज गांधी मैदान आहे, कपिलतीर्थाच्या जागी भाजी मंडई आहे आणि रावणेश्वर तळ्याच्या जागी राजर्षी शाहू स्टेडियम उभं आहे.

ज्यांचं नाव या स्टेडियमला आहे त्या शाहू महाराजांनी १८९४ ते १९२२ या काळात राज्य केलं. शिक्षण आणि सामाजिक समता यांसाठी आपण त्यांना ओळखतो, पण खेळासाठीही त्यांनी खूप केलं. १९०२ साली ते युरोपला गेले होते. तिथली जुनी प्रेक्षागृहं पाहून त्यांच्या मनात कुस्तीच्या मैदानाची कल्पना आली, असं सांगतात. १९१२ मध्ये खासबाग मैदान तयार झालं. मध्ये आखाडा आणि भोवती चढती बैठक, त्यामुळे शेवटच्या माणसालाही कुस्ती नीट दिसते. फुटबॉलही कोल्हापुरात संस्थानी काळातच आला. पुढे छत्रपती राजाराम महाराजांनी त्याला आश्रय दिला. कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन, म्हणजे लोकांच्या भाषेत 'के.एस.ए.', ही संस्था शाहू स्टेडियमवरचं फुटबॉल सांभाळते.

३) 'तालीम' या शब्दाची गंमत

आता कोल्हापूरच्या संघांची नावं वाचा : पाटाकडील तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, ऋणमुक्तेश्वर तालीम मंडळ. प्रॅक्टिस क्लब, शिवाजी तरुण मंडळ, संध्यामठ तरुण मंडळ, फुलेवाडी क्रीडा मंडळ असेही संघ आहेत, पण तालमींची नावं लगेच डोळ्यांत भरतात.

तालीम म्हणजे कुस्ती शिकायची जागा. तांबड्या मातीचा हौद, मारुतीची तसबीर आणि वस्ताद. मग फुटबॉल तिथे कसा शिरला? कारण कोल्हापुरात तालीम ही फक्त कुस्तीची जागा नाही. ती त्या पेठेची बसायची-उठायची जागा आहे. गणपती तालमीचा असतो. पेठेत कुणाकडे लग्न असो की मयत असो, पोरं तालमीची धावतात. २०१९ च्या महापुरात तालीम मंडळांची पोरं मदतीला पाण्यात उतरली होती. त्याच पोरांनी पायात बूट घातले आणि फुटबॉलचा संघ झाला. म्हणून तिथला सामना दोन संघांत होत नाही, दोन पेठांत होतो.

शिक्षकांसाठी एक गोष्ट. 'तालीम' हा शब्द मूळ अरबी आहे आणि त्याचा अर्थ 'शिकवणं, शिक्षण' असा आहे. कतारमध्ये आजही शिक्षणाला हाच शब्द वापरतात. गांधीजींच्या शिक्षणपद्धतीचं नाव 'नई तालीम' होतं ते याच अर्थाने. नाटकाची तालीम, कुस्तीची तालीम आणि शाळा, तिन्हीकडे काम एकच : पुन्हा पुन्हा करून अंगात मुरवणं. भाषेच्या तासाला एवढा एक शब्द घेतला तरी पाऊण तास मजेत जातो.

४) हंगाम आणि माणसं

पावसाळा संपून मैदान वाळलं की हंगाम सुरू होतो आणि उन्हाळ्यापर्यंत चालतो. आधी साखळी सामने, मग वेगवेगळे चषक. महानगरपालिकेचा महापौर चषकसुद्धा असतो. दुपारच्या उन्हात रिक्षावाले, दुकानदार, कॉलेजची पोरं, निवृत्त आजोबा पायऱ्यांवर येऊन बसतात. आजोबांना जुने खेळाडू, जुने गोल तोंडपाठ असतात. आफ्रिकेतले खेळाडूही इथल्या संघांतून खेळून गेले आहेत आणि पेठेतल्या लोकांनी त्यांना आपलं मानलं आहे. विश्वचषक आला की गल्लीगल्लीत मेस्सी, नेमार, रोनाल्डोचे भलेमोठे फलक लागतात आणि अर्जेंटिनावाले-ब्राझीलवाले असे गट पडतात!

एवढ्या खेळातून काय निघालं, असं कुणी विचारेल. २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये १७ वर्षांखालील मुलांचा विश्वचषक भारतात झाला. फिफाच्या विश्वचषकात भारताचा संघ तेव्हा पहिल्यांदाच उतरला. त्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव होता. पुढे तो जमशेदपूर, हैदराबाद अशा व्यावसायिक संघांकडून खेळला. मुलींच्या बाबतीतही कोल्हापूर मागे नाही. एफसी कोल्हापूर सिटी हा महिलांचा संघ २०१९-२० मध्ये देशाच्या महिला लीगमध्ये खेळला. ही नावं मुलींना आवर्जून सांगा. आपल्याकडे पाचवी-सहावीतल्या मुली मैदानाच्या कडेला बसून पोरांची दप्तरं सांभाळतात, हे चित्र आपण सगळ्यांनी पाहिलेलं आहे.

५) दुसरी बाजू

मुलांना फक्त कौतुक सांगून भागणार नाही. याच स्टेडियमवर समर्थकांची भांडणं झाली आहेत, दगडफेक झाली आहे, पोलीस बंदोबस्तात सामने खेळवावे लागले आहेत, स्पर्धा थांबवाव्या लागल्या आहेत. जी पेठ संघावर जीव टाकते, तीच पेठ कधीकधी समोरच्या पेठेच्या जिवावर उठते. आणि स्पर्धा थांबली की नुकसान खेळाडूंचं. वर्षभर घाम गाळलेल्या पोराचा हंगाम पायरीवरच्या माणसामुळे बुडतो.

हे वर्गात जरूर बोलावं. आपल्या शाळांतही तालुक्याच्या कबड्डी, खो-खो स्पर्धांत पंचाशी हुज्जत होते, 'आमच्या गावचा' आणि 'त्यांच्या गावचा' सुरू होतं. 'आपलं' म्हणणं चांगलं आहे. पण समोरचा संघ नसेल तर आपण खेळणार कुणाशी? हा एक प्रश्न मुलांपुढे ठेवा आणि त्यांनाच बोलू द्या. उत्तरं ऐकण्यासारखी येतात.

६) आपल्याकडे काय?

कुणी म्हणेल, कोल्हापूरला राजाश्रय होता, मराठवाड्यात कुठला? पण नांदेडकडे पाहा. तिथे दरवर्षी गुरू गोबिंदसिंगजींच्या नावाने अखिल भारतीय हॉकी स्पर्धा होते, देशभरातले संघ येतात. हॉकीसारखा खेळ आपल्या जिल्ह्यात टिकला, कारण एका समाजाने तो आपला मानला, आपल्या गुरूंच्या नावाशी जोडला. कोल्हापुरात तालमीने जे केलं तेच इथे श्रद्धेने केलं. सिमेंटच्या पायऱ्या दोन्हीकडे नंतरच्या. आधी दरवर्षी तारीख न चुकवणारी माणसं होती.

आता आपल्या शाळेचं पटांगण आठवा. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्यात शाळेला खेळाचं मैदान आणि खेळाचं साहित्य असावं असं स्पष्ट लिहिलेलं आहे. राज्य सरकारने १५ सप्टेंबर २०१७ ला 'मिशन वन मिलियन' राबवून एकाच दिवशी दहा लाख मुलांना फुटबॉल खेळायला लावलं आणि शाळांना चेंडू दिले. कायदा आला, चेंडूही आले. पण गावोगाव काय दिसतं? सुगीत पटांगणात सोयाबीनची रास, उन्हाळ्यात लग्नाचा मांडव, एरवी ट्रॅक्टर आणि मोटारसायकली. चेंडू कपाटात आणि खेळाचा तास गणिताला. गावाच्या अडचणी खऱ्या आहेत, रास वाळवायला जागा लागतेच. पण शाळा सुटल्यावरचा एक तास पटांगण लेकरांचं, एवढं तर ग्रामसभेत आणि शाळा व्यवस्थापन समितीत ठरवता येतं.

तेव्हा 'नंतर त्याचं काय करतेत?' या प्रश्नाचं उत्तर असं : ज्या मैदानाला सांभाळणारी माणसं असतात ते चालू राहतं, ज्याला नसतात त्याची आधी पार्किंगची जागा होते आणि मग ते विसरलं जातं.

७) वर्गात घेता येतील असे उपक्रम

गणित : फुटबॉलचं आंतरराष्ट्रीय मैदान १०५ मीटर लांब आणि ६८ मीटर रुंद असतं. क्षेत्रफळ ७,१४० चौरस मीटर. एक गुंठा म्हणजे सुमारे १०१ चौरस मीटर. म्हणजे मैदान झालं जवळपास ७० गुंठे, पावणेदोन एकर! शेतकऱ्याच्या लेकराला चौरस मीटरपेक्षा गुंठा लवकर कळतो. मग दोरी घेऊन आपलं पटांगण मोजायला लावा. २५ बाय १६ मीटर, म्हणजे चार गुंठे जागा निघाली तरी पाच-पाच जणांचा खेळ मस्त होतो. चेंडू लहान मुलांसाठी ३ किंवा ४ नंबरचा घ्या, मोठ्यांचा ५ नंबरचा नको.

परिसर अभ्यास : आपल्या गावात पूर्वी तळं, बारव, आखाडा, बाजार कुठे होता आणि आता तिथे काय आहे, हे आजी-आजोबांना विचारून गावाचा जुना नकाशा काढणे.

भाषा : तालीम, वस्ताद, आखाडा, हौद, पेठ, हंगाम, समर्थक हे शब्द वापरून दहा ओळी लिहिणे. तोंडी कामासाठी एका काल्पनिक सामन्याचं धावतं वर्णन.

शारीरिक शिक्षण : दर शनिवारी मुलं-मुली मिश्र संघ. पंच मुलांतूनच निवडायचा आणि पंचाशी वाद घालणारा पाच मिनिटं बाहेर. पहिले दोन शनिवार गोंधळ होतो, मग मुलं आपोआप सांभाळून घेतात.

८) पालकांशी दोन शब्द

"खेळून काय पोट भरतंय का?" हा प्रश्न आपल्याकडे नेहमी विचारला जातो, आणि हातावर पोट असलेल्या घरातून तो आला तर तो चुकीचाही नाही. प्रत्येक लेकरू अनिकेत जाधव होणार नाही. कोल्हापुरातही हजारो पोरं खेळतात, त्यातली मोजकीच पुढे जातात. पण बाकीच्यांचं काय होतं ते पाहा. ती रिक्षा चालवतात, दुकान चालवतात, नोकरी करतात आणि संध्याकाळी मैदानावर येतात. त्यांना दहा माणसांत मिसळायला, हरून घरी यायला आणि दुसऱ्या दिवशी परत खेळायला जमतं. परीक्षेत एक मार्क कमी पडला म्हणून कोपऱ्यात रडत बसणाऱ्या आपल्या लेकरांना नेमकं हेच शिकायचं आहे, आणि ते पुस्तकातून शिकवता येत नाही.

म्हणून विनंती एवढीच : आठवड्यातून एक दिवस संध्याकाळी पटांगणाच्या कडेला येऊन बसा. मुलांना काही सांगू नका, ओरडू नका, नुसतं पाहा. कोल्हापूरच्या पायऱ्या अशाच भरल्या.

चर्चेसाठी प्रश्न

१. 'स्टेडियम ९७४' उलगडता येईल असं का बांधलं असेल?
२. कोल्हापुरात तालमींचे फुटबॉल संघ कसे झाले?
३. समर्थकांच्या भांडणात सर्वांत जास्त नुकसान कुणाचं होतं? का?
४. आपल्या शाळेचं पटांगण किती गुंठ्यांचं आहे? ते आठवड्यात किती तास खेळासाठी मोकळं असतं?
५. ते आणखी एक तास मोकळं राहावं यासाठी सरपंचांना एक विनंतीपत्र लिहा.

पाचव्या प्रश्नाचं पत्र वहीतच ठेवू नका. खरोखर नेऊन द्या.